किराण्याचा स्वर आणि त्याचे वारस

वारसा हा शब्द उच्चारतांच सामान्य मनुष्याच्या डोळ्यांपुढें शेतवाडी, घरदार आणि दागदागिने उभे राहतात. अशा वारशाची मोजदाद करतां येते, त्याचे कागद होतात, भावांभावांत वाटण्या होतात, आणि तंटा पडलाच तर न्यायासनापुढें त्याचा निवाडाहि लागतो. परंतु ज्याचें सारें धन त्याच्या कंठांत सांठविलेलें असतें, अशा गायकाच्या वारशाचें काय होतें? त्याची मोजदाद कोण करणार, आणि त्याची वाटणी कोणत्या मापानें व्हावयाची? कंठ मिटला कीं तिजोरीच नाहींशी झाली. मागें राहतें तें नांव. आणि नांव ही वस्तु जितकी झळाळणारी, तितकीच फसवी आहे.

थोर कलावंताच्या मुलांची स्थिति यामुळें मोठी कठीण होते. वडाच्या झाडाखालीं दुसरें झाड वाढत नाहीं, असें आपल्याकडे म्हणतात. मुलगा वडिलांसारखाच गायला, तर ही केवळ नक्कल आहे असें लोक म्हणतात. तो कांहीं निराळें गायला, तर यानें घराणें बुडविलें म्हणून हेच लोक हळहळतात. कित्येक मुलें या कात्रींत सांपडून गाणेंच सोडून देतात, आणि कित्येक वडिलांच्या नांवावर चार दिवस गुजराण करून विस्मृतींत जातात. वारसा राखणें म्हणजे नेमकें काय राखणें, हा प्रश्न म्हणूनच विचार करण्याजोगा आहे.

या प्रश्नाचें अत्यंत बोधप्रद उत्तर महाराष्ट्रांतील एका कुटुंबानें दिलें आहे. किराणा घराण्याचे विख्यात गायक उस्ताद अब्दुल करीम खाँ यांचें तें कुटुंब होय. विशेष हें कीं, खाँसाहेबांच्या ज्या अपत्यांनीं त्यांचा स्वर पुढें नेला, त्यांच्यापाशीं पित्याचें नांव नव्हतें, पित्याचें घर नव्हतें, आणि ऐन उमेदीच्या वर्षांत पित्याचा सहवासहि नव्हता. वारशांतून एवढें सर्व वजा केल्यावर जें शिल्लक उरलें, तेंच खरें धन होतें असें पुढें दिसून आलें.

अब्दुल करीम खाँ यांचा जन्म इ. स. १८७२ मध्यें उत्तर हिंदुस्थानांतील कैराना या गांवीं, गाण्याबजावण्याचा पिढीजाद व्यवसाय असलेल्या कुळांत झाला. याच गांवावरून त्यांच्या घराण्यास किराणा हें नांव पडलें. तरुणपणीं ते बडोद्याच्या दरबारीं गायक होते. तेथें सरदार मारुतीराव माने यांची कन्या ताराबाई हिच्याशीं त्यांचा स्नेह जुळला आणि उभयतांनीं बडोदें सोडून मुंबईची वाट धरली. धर्म निराळा, जात निराळी, भाषा निराळी. एक दरबारी गवई आणि एक सरदारकन्या. त्या काळीं असा संसार मांडणें ही सामान्य गोष्ट नव्हती. या संसारांत पांच अपत्यें झालीं. त्यांतील तीन नांवें महाराष्ट्रानें पुढें हृदयांत जपलीं: सुरेशबाबू माने, हिराबाई बडोदेकर आणि सरस्वतीबाई राणे.

खाँसाहेबांचें गाणें ज्यांनीं ध्वनिमुद्रिकांवर ऐकलें असेल, त्यांना त्या गाण्याचें मर्म निराळें सांगावयास नको. किराण्याचें सारें लक्ष स्वरावर. रागाची घाईनें आंखणी करावयाची नाहीं. एकेका स्वरापाशीं थांबावयाचें, त्याला गोंजारावयाचें, तो पूर्णपणें आपलासा झाल्यावरच पुढच्या स्वराकडे वळावयाचें, ही त्यांची रीत. तानपुरा जुळविण्यांत त्यांची दृष्टि अतिशय चोखंदळ होती. श्रुतींचा शास्त्रीय विचार करणारे सांगलीचे कृष्णाजी बल्लाळ देवल यांच्या प्रयोगांना खाँसाहेबांच्या सूक्ष्म स्वरज्ञानाचें मोठें साहाय्य झालें. दक्षिणेंत त्यांचा वारंवार संचार असे. तेथील कर्नाटक संगीत त्यांनीं आदरानें ऐकलें आणि त्यांतील सरगमाची रीत आपल्या गाण्यांत सामावून घेतली. शिष्यांविषयींहि ते उदार होते. इ. स. १९१३ मध्यें त्यांनीं पुण्यास आर्य संगीत विद्यालय स्थापन केलें. या विद्यालयाचें स्वरूप गुरुकुलासारखें होतें. मुलें तेथेंच राहत, तेथेंच जेवत, आणि खाँसाहेब ठिकठिकाणीं जलसे करून त्यांच्या अन्नवस्त्राची तरतूद करीत.

अशा घरांत वाढणाऱ्या मुलांना शिकविण्याची निराळी वेळ नेमावी लागत नाहीं. पहांटे कानीं पडतो तो तानपुरा, आणि रात्रीं झोंप लागतांना ऐकूं येतो तोहि तानपुराच. वडील पुत्र सुरेशबाबू यांस तर खाँसाहेबांनीं स्वतःच तालीम दिली. हिराबाईंची तालीम पुढें खाँसाहेबांचे आप्त आणि किराण्याचेच दुसरे श्रेष्ठ गायक अब्दुल वहीद खाँ यांच्याकडे झाली. रागाची अतिविलंबित बढत कशी करावी, याचा वस्तुपाठ म्हणून वहीद खाँ यांचें नांव आजहि घेतलें जातें.

परंतु इ. स. १९२२ मध्यें हें घर दुभंगलें. ताराबाई मुलांना घेऊन खाँसाहेबांपासून विभक्त झाल्या. दोन मानी माणसांच्या संसारांत काय घडलें, याची उठाठेव करण्याचें येथें प्रयोजन नाहीं. परिणाम मात्र ध्यानांत घेण्यासारखा आहे. घरांत जो अब्दुल रहमान होता, तो जगापुढें आला तो सुरेशबाबू माने म्हणून. त्यानें आईचें उपनांव लाविलें. चंपाकलीची हिराबाई झाली, आणि आईच्या बडोद्यावरून ती बडोदेकर म्हणविली जाऊं लागली. धाकटी सकीना पुढें सरस्वतीबाई राणे या नांवानें प्रसिद्धीस आली. ज्या नांवावर हिंदुस्थानांतील कोणत्याहि शहरीं रसिकांची गर्दी लोटली असती, तें नांव या मुलांनीं आपल्या नांवापुढें लाविलें नाहीं.

येथें ताराबाईंचा विचार करणें अवश्य आहे. पतीशीं संबंध तुटल्यावर पतीच्या विद्येचाहि राग यावा, हें मनुष्यस्वभावास धरून झालें असतें. मुलांना दुसऱ्या एखाद्या उद्योगास लावून तिनें त्या घराण्याचें नांवहि टाकिलें असतें, तर तिला दोष देण्यास कोणी धजला नसता. ताराबाईंनीं तसें केलें नाहीं. घर निराळें झालें, पण घरांतला तानपुरा बंद पडला नाहीं. पुण्यास नूतन संगीत विद्यालय निघालें, मुलांचें गाणें चालू राहिलें, आणि जें गाणें चालू राहिलें तें किराण्याचेंच होतें. एखाद्या गायकाचा वारसा कोणी राखला, याची यादी करतांना मुलांचीं आणि शिष्यांचीं नांवें सहज आठवतात. या घराच्या यादींत पहिलें नांव मात्र, गायकाचा उंबरठा ओलांडून बाहेर पडलेल्या या मानी स्त्रीचें लिहावें लागेल.

पित्याचा सहवास सुटला त्या वेळीं सुरेशबाबूंचें वय वीस वर्षांचें होतें. धाकट्या भावंडांचा गुरु आतां हा थोरला भाऊच झाला. सुरेशबाबू हे अंतर्मुख वृत्तीचे कलावंत होते. ख्यालाइतकीच ठुमरी त्यांच्या गळ्यांतून नाजूकपणें उतरे. कीर्तीच्या मागें धांवणें त्यांच्या स्वभावांत नव्हतें. जाहिरातीची कला तर त्यांस मुळींच अवगत नव्हती. त्यांचें थोडेंच गाणें ध्वनिमुद्रिकांवर राहिलें. परंतु त्यांनीं जें शिकविलें, तें दूरवर पोंचलें. हिराबाई आणि सरस्वतीबाई या भगिनी तर त्यांच्या शिष्या होत्याच. शिवाय माणिक वर्मा, वसंतराव देशपांडे आणि प्रभा अत्रे या तीन निरनिराळ्या वळणांच्या कलावंतांनीं त्यांच्यापाशीं विद्या घेतली. इ. स. १९५३ मध्यें सुरेशबाबू निवर्तले. वारसा राखणाऱ्यांत कांहीं जण दिव्याच्या ज्योतीसारखे असतात आणि कांहीं तेलासारखे. सुरेशबाबू तेलासारखे जळले. उजेडाचें श्रेय बहुधा इतरांस मिळालें.

हिराबाईंचा मार्ग निराळा होता. त्यांनीं पित्याचा स्वर लोकांपुढें नेला, आणि तोहि अशा काळांत, कीं ज्या वेळीं चारचौघांत गाणाऱ्या स्त्रीकडे समाज सरळ नजरेनें पाहत नव्हता. स्त्रीचें गाणें म्हणजे श्रीमंतांच्या दिवाणखान्यांतील करमणूक, अशी तेव्हांची समजूत. हिराबाईंनीं नाट्यगृहांत, तिकिटें लावून, स्त्रीपुरुषांच्या संमिश्र समाजापुढें मैफली केल्या. स्त्रियांमध्यें ही प्रथा पाडणाऱ्या अग्रणी त्याच. साधा पोशाख, संयत बैठक, हावभावांचा अभाव, आणि तानपुऱ्याशीं एकजीव झालेला तो गोड आवाज. गृहस्थ आपल्या लेकीसुनांना घेऊन त्यांच्या गाण्यास येऊं लागले. कोणतेंहि व्याख्यान न देतां, कोणाशींहि वाद न घालतां, केवळ गाऊन त्यांनीं गाणाऱ्या स्त्रीला सभेंत मानाची जागा मिळवून दिली. गाणें पित्याच्या घराण्याचें होतें. त्यास लाभलेली ही प्रतिष्ठा मात्र कन्येची स्वतःची कमाई होती.

इ. स. १९३० च्या आसपास या भावंडांनीं मिळून एक नाटक मंडळीहि चालविली. बालगंधर्वांचा तो काळ. पुरुषांनीं स्त्रीभूमिका करावी आणि रसिकांनीं तिच्यावर लुब्ध व्हावें, हाच रंगभूमीचा शिष्टाचार. अशा वेळीं 'सौभद्रा'सारख्या नाटकांत स्त्रियांच्या भूमिका स्त्रियांनींच करून दाखविण्याचें धाडस या मंडळीनें केलें. हिराबाईंसारखी कसलेली गायिका सुभद्रा म्हणून उभी राहिल्यावर नाट्यपदांतून किराण्याचा स्वर थेट सामान्य प्रेक्षकाच्या कानीं पडूं लागला. व्यवहाराच्या दृष्टीनें मंडळी फार दिवस टिकली नाहीं; आर्थिक अडचणींत सांपडून ती बंद पडली. हिराबाई पुनः मैफलींकडे वळल्या आणि पुढें अनेक दशकें गात राहिल्या. इ. स. १९६५ मध्यें संगीत नाटक अकादमीनें आणि इ. स. १९७० मध्यें पद्मभूषण देऊन भारत सरकारनें त्यांचा गौरव केला. इ. स. १९८९ मध्यें त्यांचें देहावसान झालें.

सरस्वतीबाई सर्वांत धाकट्या. घर दुभंगलें तेव्हां त्या अगदीं लहान होत्या. म्हणजे पित्याकडून प्रत्यक्ष शिकण्याचें भाग्य त्यांच्या वांट्यास फारसें आलेंच नाहीं. त्यांना जें मिळालें, तें भावाच्या आणि बहिणीच्या हातून. त्यांनीं रंगभूमीवर भूमिका केल्या, आकाशवाणीवर दीर्घकाळ गायन केलें, आणि इ. स. १९४३ मधील 'रामराज्य' या चित्रपटासाठीं त्यांनीं गायिलेलें वीणेवरील गीत देशभर घरोघरीं गुणगुणलें गेलें. थोरल्या बहिणीसह त्यांनीं केलेल्या जुगलबंदीच्या मैफली हा तर नवाच उपक्रम होता. दोन स्त्रियांनीं एका बैठकींत, एकमेकींवर मात करण्याची ईर्ष्या न धरतां, एकच राग मिळून उलगडावयाचा, ही गोष्ट रसिकांस अपूर्व वाटली. सरस्वतीबाई इ. स. २००६ मध्यें निवर्तल्या. खाँसाहेबांच्या अपत्यांचा स्वर अशा रीतीनें एकविसाव्या शतकांतहि पोंचला.

वारशाची एक शाखा अशी घरांत वाढत असतां दुसरी शाखा घराबाहेर फोंफावत होती. खाँसाहेबांचे पट्टशिष्य रामभाऊ कुंदगोळकर हे सवाई गंधर्व या नांवानें महाराष्ट्रांत आणि कर्नाटकांत गाजले. गंगूबाई हनगल, फिरोज दस्तूर आणि भीमसेन जोशी हे त्यांचे शिष्य. भीमसेनांची कथा येथें मुद्दाम आठवण्याजोगी आहे. लहान वयांत कानीं पडलेल्या अब्दुल करीम खाँ यांच्या झिंझोटींतील ठुमरीच्या ध्वनिमुद्रिकेनें हा गदगचा मुलगा असा कांहीं वेडा झाला, कीं गाणें शिकण्यासाठीं त्यानें घर सोडलें, आणि बऱ्याच भ्रमंतीनंतर तो कुंदगोळास सवाई गंधर्वांच्या पायांशीं येऊन बसला. एक तबकडी, एक मुलगा आणि एक शिष्य यांच्या योगानें खाँसाहेबांचा स्वर पुढील पिढींत उतरला. सवाई गंधर्व इ. स. १९५२ मध्यें वारले. त्यांच्या स्मरणार्थ इ. स. १९५३ पासून पुण्यास सुरू झालेला संगीत महोत्सव भीमसेनांनीं जन्मभर वाहिला. हा महोत्सव चालविणाऱ्या मंडळाचें नांव आर्य संगीत प्रसारक मंडळ असें आहे. खाँसाहेबांच्या आर्य संगीत विद्यालयाचा प्रतिध्वनि त्या नांवांत ऐकूं येतो.

शिष्याला जें सहज लाभतें, तें अपत्यास सहज लाभत नाहीं, हें येथें लक्षांत घ्यावें. शिष्य स्वतःच्या इच्छेनें येतो, गुरूला निवडतो, आणि गुरूच्या गाण्यावर प्रेम करण्यास त्याला गुरूच्या संसारांतील सुखदुःखांची आडकाठी येत नाहीं. अपत्याला पिता निवडतां येत नाहीं. पित्याचें गाणें ऐकतांना त्याला पित्याचा रुसवा, त्याचा दुरावा, घरांत सांडलेले अश्रू, हें सर्वच ऐकूं येतें. तरीहि तें गाणें हृदयाशीं धरणें, आणि मनांतील कडूपणा सुरांत उतरूं न देणें, ही मोठी साधना होय. सुरेशबाबू, हिराबाई आणि सरस्वतीबाई यांच्या गाण्यांत या कडूपणाचा लवलेशहि नाहीं. त्यांचे सूर ऐकणाऱ्यास त्यांच्या घराची कथा कोणी सांगितली नाहीं, तर ती कधींच कळणार नाहीं.

अब्दुल करीम खाँ यांचा अंत इ. स. १९३७ च्या ऑक्टोबर महिन्यांत झाला. मद्रासहून पाँडेचरीस जात असतां वाटेंत त्यांस अस्वस्थ वाटूं लागलें, आणि सिंगपेरुमाळकोइल या लहानशा स्थानकावर ते उतरले. फलाटावर बिछाना पसरून त्यांनीं नमाज पढला, ईश्वराचें नांव सुरांत घेतलें आणि देह ठेविला, असें सांगतात. त्यांचा देह मिरजेस आणून मीरासाहेबांच्या दर्ग्याच्या आवारांत दफन करण्यांत आला. मिरज ही त्यांची अखेरची वसतिभूमि, आणि तंतुवाद्यांच्या कारागिरांचें नामांकित गांव. दर्ग्याच्या त्या आवारांत खाँसाहेबांच्या स्मरणार्थ गवई आणि वादक आपली सेवा रुजू करीत आले आहेत. पिता मिरजेंत चिरनिद्रा घेत होता, त्या वर्षांत पुण्यामुंबईस त्याच्या मुलांची घरें त्याच्याच सुरांनीं भरून गेलीं होतीं. समाधीवर फुलें वाहणें हा स्मरणाचा एक प्रकार झाला. रोज पहांटे उठून षड्ज लावणें हा दुसरा. आणि त्यास वर्षांतील एकच दिवस पुरत नाहीं.

वारशाच्या बाबतींत या कुटुंबाचा इतिहास कांहीं गोष्टी स्पष्टपणें शिकवितो. पहिली ही कीं, कलेचा वारसा नांवाच्या आधारावांचून टिकूं शकतो. मात्र रियाजावांचून तो एक पिढीहि टिकत नाहीं. आज अनेक घरांत थोर वडिलांची तसबीर मोठ्या चौकटींत असते, पुण्यतिथीस हार चढतात, भाषणें होतात. हें सर्व योग्यच आहे. पण त्या तसबिरीखालीं बसून कोणी रोज दोन घटका गातो किंवा नाहीं, हा प्रश्न अधिक महत्त्वाचा.

दुसरी गोष्ट अशी कीं, एकाच वारशाचीं रूपें अनेक असूं शकतात. थोरल्यानें शिकवावें, मधलीनें सभा जिंकावी, धाकटीनें चित्रपटांत आणि आकाशवाणीवर तो सूर पोंचवावा. यांत कोणाचा वांटा मोठा, हें ठरविण्याचें कारण नाहीं. पित्याच्या गाण्याची हुबेहूब प्रतिकृति तिघांपैकीं एकानेंहि केली नाहीं. खाँसाहेबांचा आवाज खाँसाहेबांबरोबरच गेला, आणि तो जावयाचाच होता. स्वराकडे पाहण्याची दृष्टि तेवढी राहिली. आणि दृष्टि ही अशी वस्तु आहे, कीं ती घेणाऱ्याच्या डोळ्यांनुसार नवीं दृश्यें पाहते.

तिसरी गोष्ट सर्वांत महत्त्वाची. जें मिळालें तें या भावंडांनीं घरांत कोंडून ठेविलें नाहीं. घराण्याची चीज परक्याच्या मुलास सांगावयाची नाहीं, ही गवयांची जुनी खोड. त्या खोडीपायीं किती विद्या मातींत गेली असेल याचा हिशेब नाहीं. सुरेशबाबूंनीं आणि हिराबाईंनीं परक्यांच्या मुलींना पोटच्या मुलींप्रमाणें शिकविलें. प्रभा अत्रे यांनीं ही विद्या घेऊन तीवर स्वतःची मुद्रा उमटविली, ग्रंथ लिहिले, आणि आपल्या दोन्ही गुरूंच्या नांवानें संगीत समारोह चालू केला. प्रभाताई इ. स. २०२४ च्या जानेवारींत निवर्तल्या. परंतु त्यांनींहि आपल्या मागें शिष्यवर्ग ठेविला आहे. कैरान्याच्या एका गवयाचा स्वर बडोद्याच्या सरदारकन्येच्या मुलांनीं उचलावा, आणि त्यांच्याकडून तो पुण्यांतील एका शिक्षकाच्या घरच्या मुलीनें घ्यावा, हा प्रवास कोणत्याहि मृत्युपत्रांत लिहिलेला नव्हता.

थोर मातापित्यांच्या अपत्यांवर समाजाचें लक्ष सदैव असतें, आणि समाजाची अपेक्षाहि मोठी असते. ती अपेक्षा करतांना समाजानें थोडें औदार्य दाखवावें, हें बरें. वडिलांसारखेच हो, असा हट्ट मुलांपाशीं धरूं नये. वडिलांनीं ज्यावर प्रेम केलें, त्यावर तुझेंहि प्रेम आहे कीं नाहीं, एवढेंच विचारावें. आणि मुलांनींहि हें ध्यानांत ठेवावें, कीं ज्यांना वडिलांचें नांव लावण्याचेंहि भाग्य लाभलें नाहीं, त्यांनीं वडिलांचें गाणें शंभर वर्षें जिवंत ठेविलें आहे.